तीन हजार फुटांत किती सेकंद मावतात

नमस्कार. परभणीत पॅराशूटवर बोलायला मला कुणी बोलवेल असं कधी वाटलं नव्हतं. समोर एनसीसीची पोरं-पोरी बसलीत, मागं त्यांचे आईवडील बसलेत, म्हणून आज एकच गोष्ट घेऊन आलोय, पॅराशूट किती उंचीवर उघडायचं, आणि तेवढीच नीट सांगणार हाय.

आधी एक करा. मोबाईल काढा, स्टॉपवॉच लावा आणि १७ सेकंद सगळे गप्प बसा.

झाले. एवढ्या वेळात पडणारा माणूस ३००० फुटांवरून जमिनीला लागतो. पोट खाली करून हातपाय पसरले की वेग ताशी १९० किलोमीटरच्या आसपास स्थिर होतो, म्हणजे सेकंदाला साधारण १७५ फूट, आता आपल्याकडची साठ फुटी विहीर डोळ्यासमोर आणा, तशा तीन विहिरींची खोली दर सेकंदाला. विमानातून निघाल्यावर पहिले हजार फूट जायला १० सेकंद लागतात कारण वेग अजून धरायचा असतो, पुढचे प्रत्येक हजार मात्र साडेपाच सेकंदांत जातात, आणि नवा माणूस इथंच फसतो, त्याच्या डोक्यात पहिल्या हजाराचा अंदाज बसलेला असतो.

आता आकडे. अमेरिकेत यूएसपीए म्हणून पॅराशूट उड्या मारणाऱ्यांची संघटना आहे, तिचे नियम बऱ्याच ठिकाणी आधार म्हणून धरतात. विद्यार्थी आणि ए, म्हणजे पहिल्या पायरीचं लायसन्सवाले, ३००० फूट. त्याच्या वरचे बी, सी, डी लायसन्सवाले, २५०० फूट. दोघं एकाच पॅराशूटखाली येतात ती टँडम उडी, तिला ५००० फूट. पॅराशूट उघडायला याच्या खाली जाईपर्यंत थांबायचं नाही. आणि लक्षात घ्या, ही पॅराशूट उघडायला सुरुवात करायची उंची आहे, उघडून झाल्याची नाही.

मला कळकळीनं सांगायचंय ते हेच, की हा आकडा चांगल्या पॅराशूटसाठी ठरवलेलाच नाही. सगळं नीट उघडलं तर हजार-बाराशे फूटसुद्धा पुरतात. तो ठरवलाय बिघडलेल्या पॅराशूटसाठी. तुम्ही पायलट शूट, म्हणजे मोठ्याला बाहेर ओढणारं छोटं पॅराशूट, हवेत फेकता, मेन म्हणजे मुख्य पॅराशूट हळूहळू फुलतं, त्यात ७००-८०० फूट गेले. वर बघितलं तर दोऱ्यांना पीळ. पाय मारून पीळ सोडवून बघितला, सुटंना, तेवढ्यात गरगर फिरायला लागलं आणि फिरणारं पॅराशूट लई झपाट्यानं उंची खातं. आता मेन सोडून द्यायचं का नाही? हा निर्णय बी, सी, डी लायसन्सवाल्यानं १८०० फुटांच्या खाली यायच्या आधी घ्यायचा, विद्यार्थ्यानं आणि ए लायसन्सवाल्यानं २५०० लाच. १००० च्या खाली आलात तर मेन सोडायचंच नाही, सरळ रिझर्व्ह, म्हणजे दुसरं राखीव पॅराशूट, ओढायचं. आता तुम्हीच हिशोब करा, २५०० ला सुरुवात केली, ८०० उघडण्यात गेले, उरले १७००. म्हणजे पॅराशूट पुरतं दिसायच्या आधीच निर्णयाची वेळ निघून गेली! म्हणून मी नियमात बसत असूनही ३५०० च्या खाली उघडत नाही, आणि तुम्हीही उघडू नका.

सी आणि डी लायसन्सवाल्यांची मर्यादा आधी २००० होती, ती २०१३ साली २५०० केली. कारण समजून घ्यायसारखं आहे. पाठीवरच्या पिशवीत एएडी नावाचं छोटं यंत्र असतं, हवेचा दाब मोजत बसतं, आणि साधारण ७५० फुटांवरसुद्धा माणूस ताशी सव्वाशे किलोमीटरपेक्षा जास्त वेगानं पडत असेल तर रिझर्व्हची दोरी स्वतःच कापतं. ७५० फूट म्हणजे किती, तर देवगिरीच्या डोंगरापेक्षा जरासं उंच. तिथून जमीन चार सेकंदांवर. नवी पॅराशूटं सावकाश उघडतात, त्यामुळं २००० ला फेकलेलं मेन कधी कधी हजारापर्यंत फुलतच राहायचं, आणि तेवढ्यात एएडीनं रिझर्व्ह सोडलं तर दोन्ही पॅराशूटं बाहेर, एकमेकांत गुंतायची भीती. मर्यादा पाचशे फुटांनी वर नेली आणि त्या यंत्राला अन् माणसाला मध्ये जागा मिळाली.

माझं स्वतःचं सांगतो. पन्नासेक उड्या झाल्या होत्या. मित्राच्या जवळ जायचं म्हणून मी हवेत त्याच्या मागं लागलो, तो खाली, मी वर, वाटलं अजून लई उंची आहे. मनगटावरच्या अल्टिमीटरकडं, म्हणजे उंची दाखवणाऱ्या यंत्राकडं, बघितलं तर काटा २३०० वर. तसंच फेकलं. वर पीळ. पाय मारत मारत सुटला तेव्हा १२०० फूट होते आणि खालच्या शेतातले बांध स्पष्ट मोजता येत होते. त्या दिवसापासून दर पाच सेकंदांना मी मनगट बघतोच, मग समोर कुणीबी असू द्या. आणि एक क्रम पाठ केलाय, तुम्हीपण करा: पहिलं ओढणं, मग योग्य उंचीवर ओढणं, मग स्थिर राहून ओढणं. अंग वेडंवाकडं आहे, फिरायलोय, म्हणून सरळ व्हायची वाट बघत कुणी उंची घालवायची नसते. आकडा आला की ओढायचं.

मघाशी एका पोरानं चिठ्ठी दिली, फौजी तर हजार-सव्वा हजार फुटांवरून उडी मारतात, मग तुम्हाला ३००० काहून लागतात? लई चांगला प्रश्न. आग्ऱ्याला पॅरा ट्रेनिंग होतं, तुमच्यातल्या काहींची तिथं निवड होईलही, तिथली पहिली उडी स्टॅटिक लाईनची असते. पॅराशूटची दोरी विमानाला बांधलेली, माणूस दारातून बाहेर पडला की तीच पॅराशूट खेचून काढते. मुक्त पडणंच नाही, वेग वाढायला वेळच मिळत नाही, वर छत्रीसारखं मोठं गोल पॅराशूट, चारेक सेकंदांत उघडतं. त्यातही काही बिघडलं तर रिझर्व्हसाठी वेळ फारच थोडा, म्हणून तिथं मोजणं आणि वर बघणं रक्तात भिनेपर्यंत घोटून घेतात.

शेवटचं, आणि हे आपल्या भागासाठी. हे सगळे आकडे जमिनीपासूनचे आहेत, समुद्रसपाटीपासूनचे नाहीत. अल्टिमीटर जमिनीवर शून्यावर लावतात. समजा नांदेडच्या विमानतळावर शून्य केलं, तिथली उंची समुद्रसपाटीपासून साडेबाराशे फुटांच्या आसपास, आणि उतरणार संभाजीनगरला, तिथली उंची एकोणीसशे. काटा ३००० दाखवेल तेव्हा पायाखाली खरे उरलेत २३५०. साडेसहाशे फूट, जवळजवळ चार सेकंद, विमानात बसायच्या आधीच गेले. त्यात आपला मे महिना, ४२ अंश, हवा पातळ, अशा हवेत पडायचा वेग आणि पॅराशूटचा उतरायचा वेग, दोन्ही समुद्रसपाटीवरच्या गार हवेपेक्षा सात-आठ टक्क्यांनी वाढतात. म्हणून चढायच्या आधी पायलटला विचारायचं, मी उतरणार ती जमीन किती उंच आहे, आणि काटा तिथल्या हिशोबानं लावायचा, तोही स्वतःच्या हातानं.