दीपमाळेएवढा एक खांब

मंडळी, माझे वडील जात्याला टाकी लावायचे. परळी ते केज, खांद्यावर पिशवी, पिशवीत दोन छिन्न्या आणि एक हातोडा. वेशीतून ‘जातं टाकवून घ्याऽ’ अशी हाळी गेली की बाया जाती, पाटे घेऊन बाहेर यायच्या. आमच्या घरात शिल्पकार हा शब्दच नव्हता, पाथरवट म्हणायचे. म्हणून कॉन्स्टंटिन ब्रांकुश या शिल्पकाराविषयी वाचलं तेव्हा तो मला परक्या मुलखातला वाटला नाही. त्याच्या जन्माला यंदा दीडशे वर्षं होतायत, आणि अंबाजोगाईसारख्या, लेण्याच्या हत्तींच्या गावात त्याच्याबद्दल बोलायला मिळतंय याचा मला मनापासून आनंद आहे.

जन्म 1876 चा. रुमानियातलं होबित्सा हे डोंगराच्या पायथ्याचं खेडं. तिथं घराचे खांब, वाड्याचे दरवाजे, सगळं लाकडात कोरलेलं. पोरगा मेंढरं राखायचा. पुढं घर सोडलं, शहरात दुकानात पडेल ते काम केलं. तिथं त्यानं फुटकळ लाकडातून व्हायोलिन बनवलं आणि ते पाहून लोकांनी त्याला क्रायोव्हाच्या कारागिरी शाळेत घातलं, असं सांगतात. मग बुखारेस्टची कलाशाळा. 1903 मध्ये तो पॅरिसकडे निघाला, बराचसा रस्ता पायी, आणि 1904 मध्ये पोहोचला. पोटासाठी हॉटेलात भांडी घासली.

आपल्याकडं दसरा झाला की ऊसतोडीच्या गाड्या भरतात. गाव सोडणं काय असतं ते इथल्या पोरांना सांगावं लागत नाही. पण गाव सोडलेला माणूस सोबत काय नेतो, ते मात्र फारसं कुणी विचारत नाही.

पॅरिसात 1907 मध्ये त्याला रोदँच्या कारखान्यात काम मिळालं. त्या काळचा जगातला सर्वांत मोठा शिल्पकार. ब्रांकुश तिथं दोनेक महिने टिकला आणि बाहेर पडला. मोठ्या झाडाखाली काही उगवत नाही, हे त्याचं म्हणणं प्रसिद्ध आहे. वडाखाली वाढलेल्यांना ते लगेच कळेल. पण मला दुसरंच महत्त्वाचं वाटतं. रोदँकडे मूर्ती आधी मातीत व्हायची, मग कारागीर ती मापं घेऊन दगडात उतरवायचे. ब्रांकुशनं छिन्नी थेट दगडाला लावली. मातीचा नमुना नाही, मधला माणूस नाही. पाथरवट काम करतो तसंच.

अमेरिकेतला खटला बऱ्याच जणांनी ऐकला असेल. 1926 मध्ये त्याचा ‘अवकाशातला पक्षी’ न्यूयॉर्कला उतरला. चकचकीत ब्राँझ, ना चोच, ना पंख. कलाकृतीवर जकात नव्हती, पण अधिकाऱ्यांनी त्याला स्वयंपाकाची भांडी आणि दवाखान्याच्या सामानाच्या सदरात टाकून 40 टक्के जकात लावली. 1928 मध्ये कोर्टानं निकाल दिला : ही कलाकृतीच आहे. वस्तू हुबेहूब दिसली नाही तरी ते शिल्प असू शकतं, हे कायद्याच्या भाषेत लिहून घ्यायला एक परदेशी माणूस कारण झाला.

आणि हाच पक्षी आपल्यापर्यंत आला! इंदूरचे महाराज यशवंतराव होळकर दुसरे यांनी त्याचे तीन पक्षी घेतले; एक ब्राँझचा, एक काळ्या संगमरवराचा, एक पांढऱ्या. ते ठेवायला ध्यानाचं एक मंदिर बांधायचं ठरलं, आणि त्यासाठी 1937-38 च्या हिवाळ्यात ब्रांकुश स्वतः इंदूरला आला. मंदिर काही झालं नाही. होळकरांच्याच घरातल्या अहिल्याबाईंनी वेरूळचं घृष्णेश्वर पुन्हा उभारलं. त्या घराण्याच्या दारात हा मेंढपाळाचा पोर आला आणि रिकाम्या हातानं परत गेला, याची मला आजही हळहळ वाटते.

पण त्याच सुमारास त्याचं आयुष्यातलं मोठं काम गावाकडं चाललं होतं. होबित्सापासून जवळचं गाव तर्गू जिऊ. 1916 मध्ये पहिल्या महायुद्धात शत्रू जिऊ नदीच्या पुलावर आला तेव्हा गावकऱ्यांनीच त्याला अडवलं होतं. त्या हुतात्म्यांचं स्मारक करायचं होतं आणि बायकांच्या संघटनेनं पुढाकार घेतला होता. घर सोडून तीसेक वर्षं झालेला माणूस साठीत परत आला आणि त्यानं मोबदला घेतला नाही.

त्यानं काय केलं बघा. सैनिक नाही, घोडा नाही, बंदूक नाही. नदीकाठी दगडाचं एक गोल टेबल आणि भोवती बारा आसनं. मग दगडी दरवाजा. तिथून गावातून सरळ वाट काढली, सव्वा किलोमीटरहून लांब, आणि वाटेच्या दुसऱ्या टोकाला 29 मीटरहून उंच खांब. ओतीव लोखंडाचे मणी, पोलादी कण्यावर ओवलेले. मण्याची उंची 180 सेंटिमीटर, मधला फुगीर भाग 90 रुंद, दोन मण्यांमधला चिमटलेला भाग 45. पंधरा पूर्ण मणी, आणि खाली-वर एकेक अर्धा. वरचा अर्धाच ठेवला म्हणून खांब संपल्यासारखा वाटत नाही. हा आकार त्यानं 1918 मध्येच ओकच्या लाकडात कोरला होता, पॅरिसात बसून. गावाकडच्या घरांचे खांब त्याच्यासोबत गेले होते ते असे.

दीपमाळ पाहिलेल्याला तो खांब नवा वाटणार नाही. बारा आसनांचं टेबल म्हणजे तर आपला पारच. आणि चेहऱ्याविना स्मारक आपल्याकडं वीरगळीच्या काळापासून आहे. खाली लढाई, मध्ये अप्सरा, वर शिवपूजा आणि माथ्यावर चंद्रसूर्य. मेलेल्याचे नाक-डोळे तिथं कुणी मागितले नाहीत. चंद्रसूर्य असेतो तो राहील एवढं कोरलं की झालं. आज मात्र चौकात स्मारक म्हटलं की पुतळाच हवा. मी स्वतः पुतळे करतो, त्यावर माझं घर चालतं, पुतळ्याला मी नावं ठेवत नाही. पण मराठवाडा मुक्तिसंग्रामात पडलेल्या कित्येकांचा फोटोसुद्धा नाही. त्यांच्यासाठी बनावट चेहरा घडवताना माझा हात थांबतो.

पुढं 1950 च्या दशकात तिथल्या सरकारनं तो खांब पाडून भंगारात काढायचा बेत केला होता. पडला नाही. 2024 मध्ये युनेस्कोनं हे सगळं जागतिक वारसा यादीत घेतलं. ब्रांकुशनं 1952 मध्ये फ्रेंच नागरिकत्व घेतलं, 1957 मध्ये पॅरिसातच गेला आणि कारखाना जसाच्या तसा फ्रान्सला देऊन गेला. तो जिथला, त्या मातीत तो पुरला गेला नाही. त्याचं तिथं काय ते तर्गू जिऊला उभं आहे.

एका गावानं मला हुतात्मा स्मारकासाठी पुतळा मागितला होता. नाव सांगत नाही, बोलणी अजून चालू आहेत. मी म्हटलं, पुतळा नको, बारा बसायचे दगड आणि मधे एक गोल ओटा करू. बैठकीत एक आजोबा म्हणाले, ‘बसायला जागा झाली तर सतरा सप्टेंबरचा मुक्तिदिन सोडूनही लोक येतील.’ दगड इथलाच, खदानीतला काळा. बारांतले सात उतरलेत, आणि पहिल्यावर मी परवा वडिलांचीच छिन्नी लावली.