न संपणारा सिनेमा

(पडद्यावर : कृष्णधवल, धुरकट चित्रं. मागे जुन्या तबकडीची खरखर.)

१९६२. न्यूयॉर्कच्या लोअर ईस्ट साइडमधलं विंडसर थिएटर. त्याच्या गच्चीवर प्रायोगिक सिनेमावाला जॅक स्मिथ शूटिंग करतोय. नट म्हणजे मित्रमंडळी. फिल्म मुदत उलटून गेलेली, त्यामुळे चित्र पांढरंफटक उठतं. पण हे फटफटीतपण त्याला शोभूनच दिसतं.

स्मिथचं दैवत होतं मारिया माँटेझ. आपल्या म्हैसूरच्या साबू या नटाबरोबर 'अरेबियन नाइट्स'मध्ये झळकलेली नटी. समीक्षक तिच्या अभिनयाला नाकं मुरडायचे. स्मिथने तिच्यावर लेखच लिहिला : तिचा त्या खोट्या दुनियेवर पुरता विश्वास होता, म्हणून बघणाऱ्याचाही बसायचा.

गच्चीवर घडला तो 'फ्लेमिंग क्रीचर्स'. जेमतेम पाऊण तासाचा. स्त्रीवेषातले पुरुष, शवपेटीतून उठणारी रक्तपिपासू बया, भूकंप, उघडी शरीरं. सगळा चावटपणा आणि थट्टा. पण मार्च १९६४मध्ये पोलिसांनी खेळ बंद पाडला, प्रिंट उचलली. अश्लीलतेचा खटला चालला तो दाखवणाऱ्यांवर : प्रायोगिक सिनेमाचे पुरस्कर्ते जोनास मेकस, केन जेकब्स, फ्लॉरेन्स कार्फ. लेखिका सुसान सोन्टॅग बचावाच्या बाजूने साक्षीला उभ्या राहिल्या. तरी तिघंही दोषी ठरले, शिक्षा मात्र स्थगित झाली.

पुढचा प्रकार तर अफलातून. अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयातले न्यायमूर्ती एब फोर्टस यांनी ही शिक्षा रद्द करण्याच्या बाजूने मत दिलं होतं. १९६८मध्ये ते सरन्यायाधीशपदाचे उमेदवार झाले, तेव्हा त्यांना अडवायला विरोधकांनी हाच सिनेमा सिनेटरांना दाखवला!

एखादा या प्रसिद्धीवर जन्मभर जगला असता. स्मिथ चिडला. आपल्या गमतीचा लोकांनी खटला केला, आणि नाव झालं मेकसचं, हा राग त्याने मरेपर्यंत सोडला नाही. मेकसनी अमेरिकेतल्या प्रायोगिक सिनेमासाठी जे केलं ते पाहता हा राग अन्यायाचाच होता. पण त्याच रागातून स्मिथची सर्वांत विलक्षण पद्धत जन्मली असावी.

(पडद्यावर : फिरतं प्रोजेक्टर.)

त्यानंतर त्याने सिनेमा संपवणंच सोडलं. 'नॉर्मल लव्ह', 'नो प्रेसिडेंट' : खेळ चालू असतानाच तो प्रोजेक्टरपाशी उभा राहून रीळ काढायचा, तुकडे कापायचा, चिकटपट्टीने जोडून पुन्हा लावायचा. शेजारी तबकड्या बदलायच्या. आजचा खेळ उद्या नाही. पुढे ग्रीन स्ट्रीटवरच्या त्याच्या राहत्या जागेत मध्यरात्री सुरू होणारे प्रयोग तासन्‌तास रेंगाळत. प्रेक्षक मोजके, त्यातलेही काही अर्ध्यावर उठून जात. पैसा नाही, घरमालकांशी वैर कायमचं; 'घरमालकशाही' हा तर त्याच्या बोलण्यातला नेहमीचा शत्रू.

१९८९मध्ये एड्सने तो गेला. सामान वाचवलं रंगकर्मी पेनी आर्केड आणि समीक्षक जे. होबरमन यांनी. जेरी टार्टाग्लिया रिळं दुरुस्त करायला बसले, तेव्हा त्यांच्यापुढे प्रश्न होता : कुठला तुकडा कुठल्या तुकड्यानंतर? रोज क्रम बदलणाऱ्या माणसाच्या सिनेमाचा क्रम अखेर दुसऱ्यालाच ठरवावा लागला. आज दाखवला जातो तो 'नॉर्मल लव्ह' असा जुळवलेला आहे.