ॲसिडिमेट्री: ब्युरेटमध्ये काय, फ्लास्कमध्ये काय

(बुयांव, म्हणजे मोठी बरणी. तोंडाला कापड, कापडावर सुतळी. एक हात सुतळी सोडतो.)

गोव्यात बार्देशातल्या एका घराच्या मागच्या पडवीत हा बुयांव कित्येक वर्षं एकाच कोपऱ्यात बसलाय. आत विनागर आहे. म्हणजे व्हिनेगरच, पण आमच्याकडे बोलताना विनागर म्हणतात, आणि हा माडाची सूर, म्हणजे माडाचा रस, आंबवून घरी केलेला आहे. रेंदेर, म्हणजे सूर काढणारा माणूस, माडावर चढून सूर उतरवतो तेव्हा ती गोड असते, थोड्या वेळात फसफसायला लागते कारण यीस्ट साखरेचं अल्कोहोल करतं, आणि मग तशीच हवेवर राहू दिली की ॲसिटोबॅक्टर नावाचे जिवाणू त्या अल्कोहोलचं ॲसिटिक ॲसिड करतात. बस, एवढाच विनागर. विंदालूत हा पडतो, सोरपोतेलात हा पडतो, चोरीसाच्या, म्हणजे गोव्याच्या सॉसेजच्या, मसाल्यात हा पडतो.

मी त्या घरातल्या आंटीला विचारलं, हा तयार झाला ते कसं कळतं? त्यांनी बोट बुडवलं, जिभेला लावलं आणि म्हणाल्या, "जिबेक कळटा रे."

जिभेला कळतं. खरंच कळतं, मी स्वतः बघितलंय, यंदाचा कडक आहे की मऊ आहे हे त्या एका थेंबात सांगतात. पण कडक म्हणजे किती कडक? बाजूच्या घरातल्या बुयांवापेक्षा किती? गेल्या वर्षीच्यापेक्षा किती? ते जिभेला आकड्यात सांगता येत नाही, आणि नेमकं तेवढ्यासाठीच केमिस्ट्रीत एक पद्धत आहे जिला आपण सगळे टायट्रेशन म्हणतो, पुस्तकी मराठीत अनुमापन. म्हणजे ताकद माहीत असलेलं द्रावण थोडं थोडं घालत जायचं आणि किती लागलं त्यावरून समोरचा पदार्थ किती आहे ते काढायचं. आज मला त्यातल्या एका शब्दाबद्दल बोलायचंय. ॲसिडिमेट्री. आणि त्याचा जोडीदार अल्कलिमेट्री, अल्कली किंवा बेस म्हणजे ॲसिडच्या उलटा, ॲसिडला मारणारा पदार्थ.

(कॉलेजची लॅब. खिडकीबाहेर पाऊस.)

हा शब्द माझ्या मनात रुतून बसलाय त्याला कारण आहे. बीएस्सीला असताना प्रॅक्टिकलच्या व्हायवात, म्हणजे तोंडी परीक्षेत, बाहेरून आलेल्या सरांनी विचारलं, ॲसिडिमेट्री म्हणजे काय. मी म्हटलं, सर, ॲसिड किती आहे ते मोजणं. जिओमेट्री भूमी मोजते, कॅलरीमेट्री उष्णता मोजते, तर ॲसिडिमेट्री ॲसिड मोजणार, यात चुकण्यासारखं काय आहे असं मला वाटलं. सर म्हणाले, उलट. पुढचा प्रश्न. मार्क गेले, ते जाऊ देत, पण उलट का ते कोणी सांगितलं नाही आणि मलाही विचारायचा धीर झाला नाही. आता इतक्या वर्षांनी नीट शोधल्यावर कळतंय की सर चुकीचे नव्हते आणि मीसुद्धा चुकीचा नव्हतो.

या शब्दाचे दोन अर्थ आहेत आणि ते एकमेकांच्या बरोबर उलटे आहेत.

एक अर्थ माझा, म्हणजे डिक्शनरीतला. ज्याचं प्रमाण काढायचं त्याच्यावरून नाव. ॲसिड मोजलं तर ॲसिडिमेट्री, अल्कली मोजला तर अल्कलिमेट्री. दुसरा अर्थ सरांचा, आणि तो व्होगेलच्या पुस्तकातला आहे, जे केमिस्ट्रीवाल्यांच्या कितीतरी पिढ्यांनी लॅबच्या टेबलावर उघडं ठेवून वापरलंय. तिथे म्हटलंय की बेसचं टायट्रेशन स्टँडर्ड, म्हणजे नेमकी ताकद माहीत असलेल्या, ॲसिडने केलं तर ती ॲसिडिमेट्री, आणि ॲसिडचं टायट्रेशन स्टँडर्ड बेसने केलं तर अल्कलिमेट्री. म्हणजे नाव ब्युरेटमध्ये, त्या खुणा केलेल्या नळाच्या काचनळीत, काय भरलंय त्याच्यावरून.

आणि हे उगाच नाही हं. टायट्रेशनच्या बाकीच्या नावांकडे बघा. अर्जेंटोमेट्री म्हणजे चांदी मोजणं नाही, सिल्व्हर नायट्रेटने टायट्रेट करून समजा पाण्यातलं क्लोराइड काढणं. परमँगॅनोमेट्रीत आपण परमँगनेट मोजत नाही, परमँगनेटने लोह मोजतो. आयोडिमेट्रीत ब्युरेटमध्ये आयोडीन असतं. त्या रांगेत ॲसिडिमेट्री बसवायची तर तिचा अर्थ ॲसिडने मोजणं असाच होतो, आणि हे कोणी मला त्या दिवशी एका वाक्यात सांगितलं असतं तर मी आयुष्यभर विसरलो नसतो. ॲसिड मोजणं की ॲसिडने मोजणं. मराठीत फक्त "ने" एवढाच फरक.

मराठीत हा गोंधळ होत नाही असं मला वाटतं, कारण आपल्या भाषेचा कान एका बाजूला पक्का आहे. भूमापन म्हणजे जमीन मोजणं, पर्जन्यमापन म्हणजे पाऊस मोजणं, कोणीही पर्जन्यमापन ऐकून पावसाने काहीतरी मोजलं असं समजणार नाही. तर आम्लमापन म्हटलं की आम्लच मोजलं. पण आमच्या गोव्यात पुष्कळ जणांची शाळा चौथीपर्यंत मराठीतून आणि पाचवीपासून इंग्लिशमधून, त्यामुळे आम्ल, अल्क, दर्शक हे शब्द आमच्यापर्यंत पोचेपर्यंत ॲसिड, अल्कली, इंडिकेटर जागा अडवून बसलेले असतात, आणि मग ॲसिडिमेट्रीसारखा शब्द येतो तेव्हा त्याला आतून उघडून बघायला हातात काही नसतं, तो आहे तसा पाठ होतो.

(जुन्या काचेच्या नळीचं रेखाटन.)

आता थोडं मागे जाऊया, कारण गंमत अशी की या सगळ्या पद्धतीची सुरुवातच विनागरपासून झालीय. १७२९ साली फ्रान्समध्ये क्लोद जोसेफ जोफ्रॉय याने व्हिनेगर किती कडक आहे ते बघायला त्यात पोटॅशियम कार्बोनेटची पूड थोडी थोडी टाकली, फेस येत राहिला, आणि फेस यायचा थांबला तिथे तो थांबला. किती पूड लागली त्यावरून ॲसिड किती. रंग बदलून खूण देणारा इंडिकेटर नाही, ब्युरेट नाही, फक्त फेस. मग १७६७ मध्ये विल्यम लुईसने अमेरिकेहून येणाऱ्या पोटॅशचा, म्हणजे त्याच पोटॅशियम कार्बोनेटचा, दर्जा बघायला ॲसिड आणि लिटमस वापरलं. फ्रान्समध्येच रूआँ शहरात कापड ब्लीच करण्याच्या धंद्यातला देक्रुआझीय, त्याने १७९१ च्या सुमाराला खुणा केलेली नळी वापरायला सुरुवात केली आणि १८०६ मध्ये आपल्या उपकरणाला नाव दिलं अल्कलीमीटर. त्यात भरलेलं होतं पातळ सल्फ्युरिक ॲसिड, आणि मोजला जात होता बाजारात विकायला आलेला सोडा आणि पोटॅश.

इथे जरा थांबा. नळीत ॲसिड, मोजतोय अल्कली, नाव अल्कलीमीटर. म्हणजे जन्माच्या वेळी हा शब्द माझ्या अर्थाचा होता, काय मोजतोय त्याच्यावरून. व्यापाऱ्याला तेच हवं होतं ना, मी पैसे सोड्याचे देतोय तर यात खरा सोडा किती. नळीत काय आहे याच्याशी त्याला काय देणंघेणं. रीएजंटवरून, म्हणजे मोजायला वापरलेल्या रसायनावरून, नाव देणं ही नंतरची, लॅबमधल्या माणसाची सवय, कारण लॅबवाल्याच्या शेल्फवर बाटल्या रीएजंटच्या असतात.

ब्युरेट आणि पिपेट हे शब्द १८२४ मध्ये गे-ल्युसॅकने आणले, क्लिप लावलेली आजच्यासारखी ब्युरेट १८५५ च्या आसपास कार्ल फ्रीडरिश मोहरने रूढ केली. आणि टायट्रेशन हा शब्द आलाय फ्रेंच "तीत्र" वरून, ज्याचा एक अर्थ सोन्याचांदीची शुद्धता. मला हे वाचून खूप बरं वाटलं, कारण त्याला आपल्याकडे फार जुना शब्द आहे, कस. सोनार कसोटीवर सोनं घासून कस बघतो तसा फ्लास्कमध्ये द्रावणाचा कस बघायचा. अनुमापन चांगलाच शब्द आहे, पण कस लावणं म्हटलं की काय चाललंय ते लहान मुलालाही कळेल.

(लॅब. घड्याळाच्या काचेवर सोडियम हायड्रॉक्साइडच्या गोळ्या.)

तर आंटीचा विनागर बाटलीत भरून मी इथे आणलाय. एक मित्र लॅबमध्ये आहे, त्याने जागा दिली.

या पांढऱ्या गोळ्या बघा. कॉस्टिक सोडा, म्हणजे सोडियम हायड्रॉक्साइड. कोरड्या होत्या, बाटलीतून काढून दोन मिनिटं झाली नाहीत तर चकाकायला लागल्या, काचेला चिकटल्या. हा जुलै आहे आणि हे गोवा आहे, इथे मीठसुद्धा डब्यात पाणी सोडतं. कॉस्टिक सोडा हवेतलं पाणी ओढतो आणि कार्बन डायऑक्साइडसुद्धा ओढतो, त्यामुळे वजन करून घेतला तरी त्यात खरा सोडा किती यावर विश्वास ठेवता येत नाही. म्हणून आधी त्याचाच कस लावायचा. ऑक्झॅलिक ॲसिडचे खडे नेमके वजन करता येतात, २५० मिलीला साधारण १.५८ ग्रॅम घातले की ०.१ नॉर्मल (नॉर्मल हे द्रावणाच्या ताकदीचं माप), आणि त्याच्यासमोर सोड्याचं द्रावण तपासून घ्यायचं. स्टँडर्ड या शब्दाचा अर्थ हा. पोरं हा भाग कंटाळा करून उरकतात आणि माझ्या मते सगळ्यात महत्त्वाचा हाच आहे, कारण इथे चूक झाली तर पुढचे सगळे आकडे सुंदर दिसतात आणि सगळेच चुकीचे असतात.

आता विनागर. १० मिली घेतला, १०० मिलीपर्यंत पाणी घालून दहापट पातळ केला, त्यातला १० मिली पिपेटने, म्हणजे मापाच्या नळीने, कोनिकल फ्लास्कमध्ये, फिनॉल्फ्थॅलीन या इंडिकेटरचे दोन थेंब, खाली पांढरी टाईल. ब्युरेटमध्ये सोड्याचं ते तपासलेलं द्रावण. ब्युरेटवरचं फनेल काढलं, ते विसरलं तर त्यातला एखादा थेंब मागून खाली येतो आणि रीडिंग बिघडतं. डावा हात नळावर, उजवा फ्लास्कच्या मानेला.

(जवळून. थेंब पडतो, गुलाबी धूर उठतो, विरतो.)

थेंब पडतो तिथे गुलाबी होतं आणि लगेच जातं. फ्लास्क फिरवत राहायचं. आता गुलाबी जायला वेळ लागतोय, म्हणजे जवळ आलो, नळ जवळजवळ बंद, अर्धा थेंब टोकाला लटकतोय, तो काचेला टेकवून पाण्याने आत धुवायचा. आणि हा. सगळं एकदम फिकट गुलाबी, इतकं फिकट की खाली टाईल नसती तर दिसलं नसतं. तीस सेकंद टिकलं. हा एंड पॉइंट. गडद राणी कलर आला तर समजायचं पुढे गेलो. आणि तसाच ठेवला तर हाच रंग थोड्या वेळाने पुन्हा उडतो, घाबरायचं नाही, हवेतला कार्बन डायऑक्साइड विरघळतोय.

फिनॉल्फ्थॅलीनच का? कारण ॲसिटिक ॲसिड वीक आहे, ते नेमकं संपतं तेव्हा द्रावणाचा पीएच (ॲसिड-अल्कलीचं माप, सात म्हणजे दोन्हीच्या मधे) सातवर नसतो, ८.७ च्या आसपास असतो, आणि फिनॉल्फ्थॅलीन साधारण ८.२ पासून १० पर्यंत रंग बदलतं. मिथाइल ऑरेंज हा दुसरा इंडिकेटर घातला असता तर ते ३.१ ते ४.४ मध्येच बदलून मोकळं झालं असतं, अर्ध्याहून जास्त ॲसिड शिल्लक असताना. मात्र पाण्याच्या लॅबमध्ये तेच मिथाइल ऑरेंज कामाला येतं, तिथे विहिरीच्या पाण्याची अल्कलिनिटी काढायला ब्युरेटमध्ये पातळ सल्फ्युरिक ॲसिड असतं. सरांच्या हिशेबाने ती ॲसिडिमेट्री, देक्रुआझीयच्या हिशेबाने अल्कलिमेट्री, आणि लॅबमधली मॅडम दोन्ही म्हणत नाही, ती म्हणते अल्कलिनिटी लावलीय. खरा वापर हा असा आहे, रोजच्या कामात लोक सरळ टायट्रेशन म्हणतात किंवा काय काढतोय त्याचं नाव घेतात, दूध डेअरीत तर नुसतं ॲसिडिटी. ॲसिडिमेट्री, अल्कलिमेट्री हे आता पुस्तकाच्या धड्यांच्या नावात आणि व्हायवात उरलेत. ते जाऊ नयेत असं मला मनापासून वाटतं, फक्त वापरताना कुठला अर्थ घेतलाय ते पहिल्याच ओळीत लिहावं.

रीडिंग ८.१, ८.०, ८.०. जुळलेलं ८.० घेतलं. ८ गुणिले ०.१ भागिले १०, म्हणजे पातळ केलेला ०.०८ नॉर्मल, मूळचा ०.८, त्याला ॲसिटिक ॲसिडचा रेणूभार ६० लावला की लिटरला ४८ ग्रॅम. ४.८ टक्के. आपल्याकडच्या अन्नाच्या नियमात व्हिनेगरला किमान ३.७५ लागतात, हा त्याच्या बराच वर आहे. यात दुसरी कुठली ॲसिड थोडीफार असतील तर तीही या आकड्यात आली, कॉस्टिक सोडा ॲसिडचं नाव विचारत नाही, म्हणून वहीत लिहायचं "ॲसिटिक ॲसिड म्हणून ४.८".

(वही. पेन्सिलीने लिहिलेल्या तीन ओळी.)

ब्युरेटमध्ये: ०.१ नॉर्मल सोडियम हायड्रॉक्साइड. फ्लास्कमध्ये: विनागर, दहापट पातळ, १० मिली. काढलं काय: ॲसिड.

(पुन्हा पडवी. पाऊस उघडलाय.)

आंटींना आकडा सांगितला. त्यांनी ऐकून घेतला, मग विचारलं की लोणच्याला मला जरा मऊ पाहिजे, चारवर आणायचा तर पाणी किती घालू. लिटरला २०० मिली, मी म्हटलं. त्यांनी वेगळ्या भांड्यात लिटरभर काढला, मापाने उकळून गार केलेलं पाणी घातलं, लाकडी डावाने ढवळलं, आणि मग बोट बुडवून जिभेला लावलं.