पोरं भित्री नव्हती! ‘टू अँड टू’ नीट बघा

नमस्कार मंडळी! दिग्दर्शक बाबक अन्वरी यांची ‘टू अँड टू’. २०११ची, फारसी, जेमतेम सात मिनिटांची शॉर्टफिल्म. शेवट सांगणार आहे, तेव्हा ‘स्पॉयलर दिलात’वाले, आधी बघून या. चहा उकळेपर्यंत संपते.

गोष्ट एवढीशी. मास्तर फळ्यावर २ + २ = ५ लिहितात, एक मुलगा चारवर अडून बसतो, त्याला गोळी घालतात.

आणि खाली कमेंट ठरलेली: “पोरं भित्री. सगळी उठली असती तर?” अहो, गोळी सुटायच्या आधीच मास्तरांचं काम झालेलं असतं! ते ‘पटलं का?’ असं विचारतच नाहीत. सगळ्या वर्गाकडून मोठ्याने वदवून घेतात. परत. परत. मनात चार असलेल्या प्रत्येकाला शेजारच्याच्या तोंडून पाच ऐकू येतं. वाटतं, आपण एकटेच.

मानसशास्त्रज्ञ सॉलोमन ॲश यांनी १९५०च्या दशकात अमेरिकेत प्रयोग करून हेच तपासलं. रेघांची लांबी ओळखायची, बस. परीक्षा एकाचीच; खोलीतले बाकीचे ॲश यांना आतून सामील, मुद्दाम चुकीचं सांगणारे. ना बंदूक, ना छडी. तरी साधारण एक तृतीयांश उत्तरं गर्दीच्या मागे गेली. उत्तर बोलण्याऐवजी कागदावर लिहायला दिलं, तर चुका बऱ्याच कमी. आणि खोलीत एकच जण खरं बोलला, की चुका चौथ्या हिश्शावर.

एकच जण! म्हणून मास्तरांना तो मुलगा नको असतो. गणिताचा प्रश्नच नाही, बाकीच्यांना सोबत मिळते ना. शिवाय त्याच्यावर बंदूक रोखतं कोण? शाळेतलीच मोठी मुलं. हात रिकामे, बंदूक धरल्याचं नुसतं नाटक, गोळी मात्र खरी.

आमच्या सोसायटीच्या सभेत एका काकांनी रंगकामाचा हिशोब मागितला. सगळ्यांच्या माना मोबाइलमध्ये. “हरकत नाही ना कुणाची? मंजूर.” नंतर जिन्यात चौघं काकांना गाठून म्हणतात, “बरोबर बोललात हां.” अरे, मग वर तोंडं शिवली होती का?

तर, शेवट. मास्तर वहीत लिहायला सांगतात. एक मुलगा पाच लिहितो, खोडतो, चार लिहितो. एका ताईंनी लिहिलंय, “शेवट उगाच गोड केलाय.” मला नाही पटत. वहीतलं चार पुढच्या बाकावरच्याला ऐकू जात नाही. फळ्यावर अजून पाचच आहे. ताई, सांगा, यात गोड काय?