सात वर्षांची मंदाकिनी

[पांडवलेणी, सकाळ. पायथ्याशी फाळके स्मारक.]

नाशिककराला फाळके कोण हे सांगावं लागत नाही. त्र्यंबकचे धुंडिराज गोविंद. पण त्यांच्या लेकीचं नाव विचारलं की आपण थबकतो.

['कालिया मर्दन', १९१९. चेहरा पडदाभर.]

ही ती. मंदाकिनी फाळके, वय वर्षं सात. चित्रपट गोकुळात शिरण्याआधी हिच्या चेहऱ्यावर थांबतो. गोष्ट नाही, पात्र नाही, नुसता चेहरा, आणि त्यावर एकामागून एक सरकणारे भाव. बापाने आधी अभिनेत्री दाखवली, कृष्ण मग.

['मोहिनी भस्मासुर'चं छायाचित्र.]

सहा वर्षांपूर्वीच्या 'राजा हरिश्चंद्र'मध्ये तारामती साळुंके नावाच्या पुरुषाने केली होती. बाई मिळत नव्हती. पुढे 'मोहिनी भस्मासुर'मध्ये दुर्गाबाई कामत आणि त्यांची लेक कमलाबाई कॅमेऱ्यासमोर उभ्या राहिल्या, तेव्हा ते धाडस होतं. आणि इथे, नाशकातल्या हिंदुस्थान फिल्म कंपनीच्या चित्रपटात, घरातलीच मुलगी नायक.

[हाताने फिरणारा कॅमेरा. अंगणातलं ऊन.]

काम कसं चालायचं, ते जरा बघू. चित्रण उन्हात. ऊन ढळलं की थांबायचं. सुरुवातीच्या काळात तर सरस्वतीबाई, मंदाकिनीची आई, चेहऱ्यावर उजेड पडावा म्हणून पांढऱ्या चादरी धरून उभ्या राहायच्या. रिळाला भोकं पाडायचं कामही त्याच करायच्या. चित्रपट मुका. पाट्यांवर मजकूर येई, पण रुसवा काही पाटीवर लिहून दाखवता येत नाही. तो डोळ्यांतच यावा लागतो.

[लोण्याची चोरी. मग सावकाराची झोपायची खोली.]

खोडी काढतानाचा हा चेहरा पाहा. झोपलेल्या नवऱ्याची दाढी बायकोच्या केसांना बांधायची आहे. इथे देवपण कुठेच नाही, फक्त गल्लीतलं व्रात्य पोर. म्हणूनच कालियाशी झुंजताना काळजाचा ठोका चुकतो. काठावरचे हवालदिल गोकुळवासी आणि पाण्यातला तो चिमुकला जीव, दोन्ही आळीपाळीने दिसत राहतात.

[कालियाच्या फण्यावर कृष्ण.]

'श्रीकृष्ण जन्म' १९१८ चा, त्यातही कृष्ण मंदाकिनीच. हा १९१९ चा. बालपण सरलं, पडद्यावरचं कामही संपलं.

[पुन्हा तोच चेहरा. निवेदन नाही. फक्त गोदावरीचा आवाज.]