वळण मुळातच असतं

(इंदूरला संत सेना महाराजांच्या पुण्यतिथीच्या कार्यक्रमात एका ज्येष्ठ केशकर्तनकाराने दिलेल्या व्याख्यानाचं संपादित शब्दांकन)

मंडळी, नमस्कार. बोलायला लागण्याआधी एक काम उरकून घेतो. हा माझा भाचा, यंदा बारावीला आहे. केस वरून चार बोटं लांब, कानाजवळ बारीक, आणि चांगले नागमोडी. आत्ताच मागच्या नळावर डोकं धुऊन आलाय, मानेवरून पाणी ओघळतंय. ओघळू दे. हे एवढंसं जेल, दोन हरभऱ्यांएवढं, तळहातावर पसरतो आणि केस खालून वर मुठीत धरून दाबतो. कंगवा नाही. पचक पचक आवाज येतोय ना? तो आला म्हणजे केसात पाणी पुरेसं आहे. आता हा जुना सुती पंचा डोक्यावर ठेवायचा आणि नुसता दाबायचा, चोळायचा नाही. झालं. बाळा, जा, पंख्याखाली बस. माझं बोलणं संपेपर्यंत डोक्याला हात लावायचा नाही.

आज सेना महाराजांची पुण्यतिथी. परंपरा त्यांना बांधवगडच्या राजाच्या पदरी हजामतीची सेवा करणारे म्हणते, म्हणजे ते आपल्या मध्य प्रदेशाचेच. महाराज भजनात रमले आणि राजाकडे जायचं राहिलं, तेव्हा देव स्वतः धोकटी काखेला मारून गेला, ही कथा आपण सगळे ऐकत मोठे झालो. माझ्या आजोबांची धोकटी माझ्या घरी आहे. वस्तरा, वाटी, नराणी, आणि एक शिंगाची फणी. तिचे दात एका बाजूला दाट, दुसऱ्या बाजूला विरळ. आजोबा विरळ बाजू आधी वापरायचे, आणि केस ओले असतानाच. का, ते त्यांनी कधी सांगितलं नाही. मला ते कळायला बरीच वर्षं लागली आणि आज तेच सांगायचं आहे.

माझेही केस असेच. शाळेत एका मास्तरांनी सगळ्या वर्गासमोर उभं केलं होतं, "या झिंज्या घेऊन पुन्हा येऊ नकोस." वडील स्वतः दुकानात बसणारे, पण त्यांनाही मुलाचे केस सरळच हवे होते. रोज सकाळी एरंडेल लावून चापूनचोपून भांग पाडायचे, आणि मधली सुट्टी होईपर्यंत कानांवरचे केस परत वर यायचे. मला वाटायचं, आपल्यातच काही खोट आहे. आता चाळीस वर्षं खुर्चीमागे उभा आहे, आणि अजून आठवड्यातून दोन-तीन मुलं येऊन तेच म्हणतात, "काका, हे बसवून द्या ना." किंवा आपल्या इंदुरी बोलीत, "भिया, सीधे कर दो." मंडळी, नागमोडी केस म्हणजे बिघडलेले सरळ केस नव्हेत. ती वेगळी जात आहे आणि तिची रीत वेगळी आहे.

वळण मुळातच असतं. कातडीखाली ज्या पिशवीतून केस उगवतो ती सरळ उभी असेल तर केस सरळ येतो; ती तिरकी, वाकलेली असेल तर केस वळत वळतच बाहेर पडतो. आडवा कापून भिंगाखाली पाहिला तर सरळ केस गोलसर दिसतो, नागमोडी लंबगोल. केस बनलाय केराटिन नावाच्या प्रथिनाचा, आणि त्याच्या आत दोन तऱ्हेच्या गाठी आहेत. एक गंधकाची, पक्की, पाण्याने न सुटणारी. दुसरी हायड्रोजनची, कच्ची. केस भिजला की ही कच्ची गाठ सुटते, आणि वाळताना केस ज्या आकारात असेल त्या आकारात पुन्हा बसते. सुती सदऱ्यावर पाणी शिंपडून इस्त्री करतो ना, तिथेही हेच होतं. म्हणून नागमोडी केसांचं सगळं काम ओले असतानाच करायचं असतं. वाळल्यावर कंगवा घातलात की प्रत्येक लाट मोडते, केस एकेकटे होतात आणि डोकं कापूस पिंजल्यासारखं फुगतं.

केस हवेतली ओल किती ओढतो, याचा एक जुना दाखला देतो. 1783 साली जिनिव्हाच्या सोस्यूर नावाच्या शास्त्रज्ञाने माणसाच्या केसाचं दमटपणा मोजायचं यंत्र जगापुढे मांडलं. कोरडा केस पूर्ण दमट हवेत दोन-अडीच टक्के लांब होतो, आणि त्या एवढ्याशा फरकावर काटा फिरतो. आपल्याकडे एप्रिल-मेच्या लूमध्ये जे केस शांत असतात, तेच आषाढ-श्रावणात पिसाटतात, ते ह्यामुळे. हवेतली ओल आत शिरते आणि गाठी मनाला येईल तशा बांधल्या जातात. पावसाळ्यात जेल चिमूटभर जास्त घ्यायचं, बाकी काही करायला लागत नाही.

हेल्मेटचंही तसंच. सकाळी धुतलेले ओले केस तसेच हेल्मेटमध्ये कोंबून पलासियाला कामावर गेलात, तर ते तिथे चपटेच वाळणार. हेल्मेट तर घालायचंच, त्याला पर्याय नाही. पण केस आधी वाळू द्या, आणि उतरवल्यावर बोटं पाण्यात बुडवून मुळांशी फिरवा, वर दाबा. पाच मिनिटांत लाट परत येते.

आता धुण्याकडे येतो. डोक्याच्या कातडीतून तेल पाझरतं. सरळ केसावरून ते घसरगुंडीवरून उतरावं तसं टोकापर्यंत जातं, नागमोडी केसात वळणावळणावर अडतं. त्यामुळे मुळं तेलकट आणि टोकं कोरडी, असं दोन्ही एकाच डोक्यावर दिसतं. उपायही दोन हवेत: शॅम्पू बोटांच्या पेरांनी कातडीला, आठवड्यातून दोन-तीनदा, कंडिशनर नुसता केसांना, टोकाकडे जास्त. फणी फिरवायची तर ह्याच वेळी, कंडिशनर डोक्यावर असताना, विरळ दातांची. ओला केस ताणला तर सहज लांबतो आणि जोर लावला तर तुटतो, म्हणून टोकाकडून सुरुवात करून वर वर यायचं. आजोबांची ती विरळ बाजू मला इथे कळली.

अंगाचा साबण डोक्याला लावू नका. कातडी किंचित आंबट, साडेपाचाच्या आसपास पीएच असलेली, साबण नऊ-दहाचा. त्याने केसावरची खवल्यांची परत उघडी पडते, आणि खडबडीत खवले एकमेकांत अडकून गुंता होतो. त्यात आपलं पाणी! 1978 मध्ये जलूदहून, सुमारे 70 किलोमीटरवरून, नर्मदा इंदूरला आली. त्याआधी आमच्या आया विहिरीच्या पाण्यात साबण चोळून चोळून थकायच्या, फेस काही यायचा नाही. आजही ज्या कॉलन्यांत बोअरिंगचं पाणी आहे तिथे हीच गत आहे. त्यातला चुना आणि मॅग्नेशियम केसावर बसतं, केस राठ होतात, लाट जड होऊन लोंबते. मुलगा म्हणतो केस खराब झाले. खरं तर केसांवर पुटं चढलेली असतात. शेवटचा तांब्या नर्मदेच्या किंवा प्यायच्या पाण्याचा घ्या. पंधरा दिवसांतून एकदा तांब्याभर पाण्यात अर्धं लिंबू पिळून केसांवरून ओता आणि लगेच साध्या पाण्याने धुवा. लिंबू लावून उन्हात मात्र जायचं नाही, कातडी भाजते.

शॅम्पू हा शब्द आपल्याच चंपीचा, हे सांगितल्याशिवाय मला पुढे जाववत नाही. 1759 मध्ये पाटण्यात जन्मलेले शेख दीन मुहम्मद इंग्लंडला गेले, ब्रायटनला त्यांनी चंपीचं स्नानगृह काढलं, आणि चौथा जॉर्ज, चौथा विल्यम अशा दोन राजांनी त्यांना आपल्या सेवेत मान दिला. आपल्या हातांनी केलेलं काम आहे हे. दुकानात चंपी करताना तरुण कारागिरांनी हे आठवावं असं मला वाटतं.

चंपीवरून तेल. खोबरेल चांगलं, आणि हे मी श्रद्धेने बोलत नाही. 2003 साली मुंबईच्या दोन संशोधकांनी खोबरेल, सूर्यफूल आणि खनिज तेल केसांवर लावून तुलना केली. केसातलं प्रथिन धुतलं जाण्याचं प्रमाण खोबरेलानेच कमी केलं, कारण त्याचे कण केसाच्या आत शिरतात. पण लावायचं ते धुण्याआधी, तासभर, केसांना. कोंडा असेल तर कातडीला लावू नका. कोंड्यामागची बुरशी तेलावरच जगते. तिला रोज रात्री जेवू घालून सकाळी कोंडा का जात नाही म्हणून विचारायचं, याला अर्थ नाही.

आता माझ्या बंधूंसाठी थोडं, कापण्याबद्दल. मी नवा होतो तेव्हा एका नवरदेवाचे केस कापले, सीमांतपूजनाच्या आदल्या संध्याकाळी. फवारा मारून, ओले ताणून, कपाळावर बरोबर भुवईच्या वर रेघ. ओले असताना सुंदर दिसलं. वाळले तसे ते वर चढायला लागले, एक बोट, दोन बोटं, आणि कपाळावर आखूड झालर उभी राहिली. त्याने आरशात पाहिलं. काही बोलला नाही. पैसे ठेवले आणि गेला. तो चेहरा मला अजून दिसतो. त्या दिवसापासून नागमोडी केस मी ओले असताना बोटभर जास्त ठेवतो, वाळवतो, आणि शेवटची कात्री कोरड्या केसांवर चालवतो. थिनिंगची, म्हणजे केस विरळ करायची, कात्री मुळाशी लावायची नाही, खाली तयार झालेले खुंट वरच्या केसांना उचलून धरतात आणि गिऱ्हाईक आठ दिवसांत म्हणतं, "फुगतात हो." वजन काढायचं तर टोकांत, कात्री उभी धरून. भोवरा पाहून घ्या. दोन भोवरे असले की दोन लग्नं होतात म्हणतात. लग्नाचं ठाऊक नाही, पण दोन भोवऱ्यांच्या मध्ये आखूड कापलंत तर तिथले केस महिनाभर बसत नाहीत. केस महिन्याला साधारण एक सेंटिमीटर वाढतो, चूक झाली तर गिऱ्हाइकाने तेवढं थांबायचं असतं.

आणि एक विनंती, हात जोडून. केस सरळ करायच्या काही द्रावणांत फॉर्मल्डिहाइड असतं किंवा तापवल्यावर सुटतं. डोळे चुरचुरतात, घसा धरतो, तो त्याचाच वास. जागतिक आरोग्य संघटनेच्या कर्करोग संस्थेने 2004 मध्ये त्याला माणसात कर्करोग करणाऱ्या पदार्थांच्या यादीत घातलं आहे. गिऱ्हाईक वर्षातून दोनदा येतं, ती वाफ आपण आणि आपली शिकाऊ पोरं रोज घेतो, तेही एसीसाठी दारं लावून. आणि कशासाठी? मुळातून पुन्हा नागमोडीच केस येणार आहेत.

एका ताईंची चिठ्ठी आली आहे: जेलने केस गळतात का, आणि घरी करता येईल का? ताई, जेल केसावर बसतं, मुळाला धक्का लावत नाही. दिवसाला 50 ते 100 केस सगळ्यांचेच गळतात. जेलने ते धरून ठेवलेले असतात आणि धुताना एकदम हातात येतात, म्हणून जास्त वाटतात. घरी करायचं तर आपल्या माळव्याची अळशी आहे. पाव वाटी अळशी, दोन वाट्या पाणी, मंद आच, आणि ढवळत राहायचं. आधी वर पांढरा फेस येतो, मग पळी उचलली की अंड्याच्या बलकाभोवतीच्या पांढऱ्यासारखी तार धरते. तिथेच गॅस बंद करायचा, अर्धं मिनिट उशीर झाला तरी गाळता येत नाही. गरम असतानाच पातळ फडक्यातून पिळायचं. फ्रीजमध्ये आठवडाभर टिकतं, वास बदलला की टाकून द्यायचं.

ये रे बाळा, इकडे, उजेडात. हात लावला नाहीस ना? शाबास. मंडळी, पुढे येऊन बघा. वाळलेत, पण अजून कडक आहेत, पापडासारखे. बरेच जण इथे घाबरतात आणि परत धुतात. हा कडकपणा म्हणजे जेलचा पापुद्रा. त्याने लाट वाळेपर्यंत धरून ठेवली, त्याचं काम झालं. आता दोन्ही मुठींत असे केस धरायचे आणि कुस्करायचे. कुरकुर ऐका. इथे, भोवऱ्यापाशी अजून एकदा. झालं, मऊ पडले. ताई, तो आरसा जरा त्याच्या हातात द्या.