यादीत नाव आलं, पुढे काय?

निवड यादीत नाव आलं म्हणजे नियुक्तीचा हक्क मिळाला का, हा आजचा विषय. तिकडे येतोच. पण पहाटे मैदान मारून आलेली एवढी मुलं-मुली समोर बसली आहेत, तेव्हा एका मुलाची हकीकत आधी सांगतो.

हा मुलगा शिपाई भरतीला उतरला. सोळाशे मीटर, शंभर मीटर, गोळाफेक, लेखी, सगळं निघालं. यादीत नाव आलं, गावात पेढे वाटले. मग हातात पडला साक्षांकन नमुना, म्हणजे नियुक्तीआधी स्वतःची माहिती लिहून द्यायचा फॉर्म. त्यात एक रकाना होता: आपल्यावर कधी गुन्हा दाखल झाला होता का? यातला 'कधी' हा शब्द नीट बघा. एकोणिसाव्या वर्षी बांधावरून भावकीत मारामारी झाली, फिर्यादीत वडिलांबरोबर याचंही नाव घातलं गेलं. पुढे तडजोड झाली, कोर्टाने निर्दोष सोडलं. फॉर्म भरून देणारा म्हणाला, "सुटलास ना? मग 'नाही' लिही." याने लिहिलं. चारित्र्य पडताळणीत पोलीस ठाण्याच्या रजिस्टरातून गुन्हा निघाला आणि माहिती दडवली म्हणून निवड रद्द झाली.

मी वकील, माझ्याकडे आला तेव्हा त्याच्या हातात एक कॅरीबॅग होती. रद्द केल्याचं पत्र, निकालाची झेरॉक्स आणि धावायचे बूट. बूट कशाला, असं विचारलं. म्हणाला, "इथून मैदानावरच जायचंय साहेब. वय अजून बसतंय."

पत्रावरची तारीख पाहिली, चौदा महिन्यांपूर्वीची. एवढे दिवस काय केलंस? तर दर महिन्याला कार्यालयात जाऊन हात जोडत होता. 'बघू, वर पाठवलंय' एवढंच ऐकून परत यायचा. मित्रांनो, तोंडी विनवणीची कुठेही नोंद होत नाही. सरकारी नोकरीचे वाद चालतात त्या महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, म्हणजे आपल्या मॅटमध्ये, अंतिम आदेशापासून साधारण एका वर्षात जावं लागतं. पुढे गेलात तर विलंब माफीचा अर्ज करून आधी उशिराचंच कारण पटवून द्यायचं. त्याची बाजू भक्कम होती, आणि आमचे कित्येक महिने त्या उशिरावर भांडण्यात गेले. याचं मला आजही वाईट वाटतं.

बाजू भक्कम का? 2016 साली अवतार सिंग प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की दडवलेली गोष्ट किरकोळ असेल, तरुण वयातली घोषणाबाजी किंवा छोटा गुन्हा, तर नियुक्ती प्राधिकारी ती चूक पोटात घालू शकतो. नमुन्यात स्पष्ट विचारलेलंच नाही, ते दडवलं असंही म्हणता येत नाही. अर्थात उमेदवाराने खरं लिहिलं तरी पूर्वचारित्र्य तपासायचा अधिकार प्राधिकाऱ्याला आहेच. डोकं लावून निर्णय दिला पाहिजे, छापील ओळीत नव्हे, एवढंच आमचं म्हणणं होतं.

संयोजक घड्याळ दाखवताहेत, म्हणून मूळ विषय भराभर सांगतो. 1991 साली शंकरसन दाश प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायाधीशांच्या घटनापीठाने ठरवलं, आणि तेही पोलीस सेवेतल्या जागेचंच प्रकरण होतं: यादीत नाव आल्याने नियुक्तीचा अबाधित हक्क मिळत नाही. पण त्याच निकालात पुढे आहे की सरकारला मनमानी करता येत नाही. जागा भरायच्या नसतील तर प्रामाणिक, योग्य कारण हवं. आणि भरल्या तर गुणवत्ताक्रम मोडता येत नाही. दुसरं, भरती सुरू झाल्यावर निवडीचे निकष मध्येच बदलायचे नाहीत, मूळ नियमांत किंवा जाहिरातीत तशी सोय असेल तरच बदलता येतात. 2024 च्या नोव्हेंबरमध्ये घटनापीठाने हे पुन्हा ठामपणे सांगितलं. तिसरं, उत्तरतालिका. ती बरोबर आहे असं धरूनच न्यायालय चालतं. चूक उघड दिसली पाहिजे. म्हणून हरकतीची मुदत चुकवू नका, पुस्तकाचं पान जोडून हरकत नोंदवा आणि पोच घ्या.

वेळ संपली. मी बाहेर ओट्यावर बसतो. ज्यांचा साक्षांकन नमुना भरायचा राहिलाय त्यांनी कोरा घेऊन या, एकेक रकाना मिळून वाचू.